पीजीच्या पोरांना कोर्टात कोण ढकलतं?

‘हल्लीच्या पीजीच्या पोरांना स्टेथोस्कोपच्या आधी वकील लागतो.’ हे वाक्य मी इतक्या ज्येष्ठ डॉक्टरांच्या तोंडून ऐकलंय की आता त्याची म्हण व्हायची तेवढी बाकी आहे. परवा एका परिसंवादात माझ्याच एका समवयस्क मित्राने ते फेकलं, टाळ्या घेतल्या आणि मग सविस्तर फोड केली. आमच्या वेळी एमडी-एमएसची यादी नोटीस बोर्डावर लागायची. नाव असलं तर वळकटी उचलून हॉस्टेल गाठायचं, नसलं तर गुमान गावी जाऊन दवाखाना टाकायचा. आता यादीच्या आधी याचिका लागते. पोरांना नकार ऐकायची सवय राहिली नाही, आरक्षणाने डोकी भडकवली, कोर्टांना नको तिथे हात घालायची हौस, आणि या तिघांच्या भांडणात वॉर्डातला पेशंट मरतो. सभागृह माना डोलावत होतं. मीही सरकारी मेडिकल कॉलेजात आयुष्य काढलेला माणूस, त्यामुळे माझीही मान डोलेल असं त्याने गृहीत धरलं होतं. ती डोलली नाही. का, ते तिथे दोन मिनिटांत सांगण्यासारखं नव्हतं, म्हणून इथे.

पेशंटचं म्हणाल तर ते खरं आहे. त्याचं नुकसान होतं, आणि त्याकडे मी येणारच आहे. पण गुन्हेगार म्हणून ज्या तिघांना उभं केलं, त्यांतल्या पहिल्या दोघांचा या गुन्ह्याशी संबंध नाही आणि तिसऱ्यावरचा आरोप चुकीच्या कलमाखाली लावलाय. खरा आरोपी परिसंवादाला आलाच नव्हता. सरकार अशा ठिकाणी उद्घाटनापुरतं येतं.

आधी ते ‘आमच्या वेळी’ निकालात काढू. आमच्या वेळी म्हणजे नेमकं कधी? प्रवेशात आपल्याच राज्यातल्या रहिवाशांना किती झुकतं माप द्यायचं हा वाद न्या. पी. एन. भगवती यांच्यापुढे आला आणि निकाल लागला तो १९८४ साली. पुढे दोन वर्षांनी पदव्युत्तरच्या २५ टक्के जागा देशपातळीवर खुल्या करण्याचा आदेशही सर्वोच्च न्यायालयाचाच. तो ऑल इंडिया कोटा २००५ मध्ये ५० टक्के झाला, तोही कोर्टातूनच. आणि १९८६ च्या मार्चमध्ये या महाराष्ट्राच्या एका मुख्यमंत्र्याला खुर्ची सोडावी लागली होती. मुलीच्या एमडीच्या परीक्षेतल्या गुणांत फेरफार झाल्याचा आरोप, त्यावर एका उमेदवार डॉक्टरची याचिका, उच्च न्यायालयाचे ताशेरे आणि शिवाजीराव पाटील निलंगेकरांचा राजीनामा. नोटीस बोर्डाची ती सोज्ज्वळ वर्षं हीच. याचिका तेव्हाही होत्या. फरक इतकाच की तेव्हा नोटीस बोर्डामागे काय चाललंय ते बहुतेकांना कळत नसे.

आता २०१९ कडे या. महाराष्ट्राच्या पीजी प्रवेशाचं ते वर्ष ज्यांनी आतून पाहिलं त्यांना पोरांच्या कोर्टबाजीबद्दल बोलायचा धीर होणार नाही. घटना तारखांच्या क्रमानेच वाचायला हव्यात, कारण सगळी मेख तारखांतच आहे. त्या वर्षीच्या नीट-पीजीची प्रक्रिया २०१८ मध्येच, नोव्हेंबर संपण्याआधी सुरू झाली. मराठा समाजाला १६ टक्के आरक्षण देणारा एसईबीसी कायदा ३० नोव्हेंबरला आला. परीक्षा ६ जानेवारीला झाली. आर्थिक दुर्बल घटकांच्या १० टक्के आरक्षणाची घटनादुरुस्तीही त्याच जानेवारीत झाली. आणि मार्चमध्ये राज्याने नोटिसा काढून सांगितलं की ही दोन्ही आरक्षणं याच वर्षीच्या पीजी प्रवेशाला लागू.

गंमत पुढे आहे. एसईबीसी कायद्याच्या कलम १६ च्या उपकलम २ मध्ये सरकारनेच लिहून ठेवलं होतं की ज्या प्रवेशांची प्रक्रिया कायदा येण्याआधी सुरू झाली आहे त्यांना हा कायदा लागू होणार नाही. प्रक्रिया सुरू झाली असं कधी समजायचं याचा खुलासाही तिथेच होता: प्रवेश परीक्षेवर प्रवेश होत असतील तर परीक्षेची कार्यवाही सुरू झाली की झालं. इतकं स्वच्छ मराठी-इंग्रजी कायद्यात क्वचित सापडतं. मंत्रालयातल्या ज्या टेबलावरून हा मसुदा गेला, त्याच इमारतीतल्या दुसऱ्या टेबलावर तो कुणी वाचला नाही. किंवा वाचला आणि निवडणुकीचं वर्ष आहे, बघू पुढचं पुढे, असं म्हणून बाजूला ठेवला. यांतलं काय झालं असेल ते वाचकांनी ठरवावं. माझा कल दुसऱ्याकडे आहे.

उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २ मे रोजी कायद्यात लिहिलं होतं तेच वाचून दाखवलं: या वर्षी एसईबीसी आरक्षण लागू नाही. ९ मे रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्यात हस्तक्षेप करायला नकार दिला. तोवर फेऱ्या झाल्या होत्या, मुलांना जागा मिळाल्या होत्या. ज्या मराठा मुला-मुलींना सरकारनेच सीट दिली होती, ती मुलं भर उन्हात आझाद मैदानावर येऊन बसली. सरकारने २० मे रोजी वटहुकूम काढला आणि तेच उपकलम मागच्या तारखेपासून बदललं. त्यालाही आव्हान दिलं गेलं, तो टिकला. पण ३० मे रोजी आर्थिक दुर्बलांच्या १० टक्क्यांवर सर्वोच्च न्यायालयाने दुसऱ्या बाजूने कुऱ्हाड चालवली: प्रक्रिया सुरू झालेली, जागाही वाढवलेल्या नाहीत, तेव्हा या वर्षी हे आरक्षण नाही. मग जूनमध्ये, न्यायालयाच्या आदेशानेच, आणखी एक फेरी.

आता मला सांगा, यात कोर्टात जाणारं खुल्या प्रवर्गातलं पोर हट्टी होतं? त्याने ज्या नियमांवर फॉर्म भरला तेच नियम मागितले. आणि आझाद मैदानावर बसलेलं पोर हावरं होतं? त्याला सरकारने यादीत नाव दाखवलं, त्याने फी भरली, सामान हलवलं, आणि मग सांगितलं की चूक झाली. त्या मे महिन्यात ही दोन्ही पोरं एकमेकांना शत्रू समजत होती. व्हॉट्सॲपवर एकमेकांची जात काढत होती. दोघंही बरोबर होती आणि दोघांचाही गुन्हा शून्य. ज्याने दोघांना एकमेकांच्या अंगावर घातलं तो मात्र दोघांचा तारणहार म्हणून पत्रकार परिषदा घेत होता.

आरक्षणाने डोकी भडकवली, या आरोपाला माझं उत्तर यातच आलं. आरक्षण असावं की नसावं, किती असावं, हा मोठा वाद आहे आणि तो घटनापीठापुढे यथावकाश झालाच. ५ मे २०२१ ला सर्वोच्च न्यायालयाने तो एसईबीसी कायदा रद्द केला. पण त्याच न्यायालयाने सप्टेंबर २०२० मध्ये स्थगिती देताना झालेल्या पीजी प्रवेशांना धक्का लावला नाही, आणि कायदा रद्द करतानाही लावला नाही. म्हणजे कायदा गेला, प्रवेश राहिले. ज्यांना हा वाद गुणवत्ता विरुद्ध आरक्षण असा रंगवायचाय त्यांना या चित्राचं काय करावं ते कळत नाही. २०१९ च्या मे महिन्यातला वाद आरक्षणाचा नव्हताच. तो कॅलेंडरचा होता.

इथे माझा मित्र म्हणेल, बरं, कॅलेंडरचा तर कॅलेंडरचा, मग कोर्टाने एकदाच ठरवून टाकावं ना की खेळ कधी सुरू होतो! हा मात्र कळीचा प्रश्न आहे, आणि इथे मला त्याच्याशी थोडं सहमत व्हावं लागतं. कारण तीन वर्षांनी उत्तर वेगळं आलं.

ऑल इंडिया कोट्यात ओबीसींना २७ टक्के आणि आर्थिक दुर्बलांना १० टक्के आरक्षणाची नोटीस २९ जुलै २०२१ ला निघाली. त्या वर्षीच्या नीट-पीजीचे अर्ज कधीच भरून झाले होते. परीक्षा कोविडमुळे पुढे गेलेली, ती ११ सप्टेंबरला झाली. मुलं न्यायालयात गेली आणि म्हणाली, खेळ सुरू झाल्यावर नियम बदलले. न्या. धनंजय चंद्रचूड आणि न्या. ए. एस. बोपण्णा यांनी जानेवारी २०२२ मध्ये सांगितलं की नाही बदलले. माहितीपुस्तिकेत लिहिलंच होतं की आरक्षणाचा तपशील समुपदेशनाच्या वेळी कळवला जाईल, आणि समुपदेशन सुरू झालेलं नव्हतं. नागपूरने २०१९ मध्ये परीक्षेच्या कार्यवाहीपासून घड्याळ लावलं, दिल्लीने २०२२ मध्ये समुपदेशनापासून. दोन्ही निकाल आपापल्या जागी बरोबर आहेत. नागपूरपुढे कायद्यातच व्याख्या होती, दिल्लीपुढे पुस्तिकेतली मोकळी जागा. पण अभ्यासिकेत बसून बारा-बारा तास एमसीक्यू सोडवणाऱ्या पोराने काय समजायचं? एका वर्षी परीक्षेचा अर्ज ही रेघ असते, दुसऱ्या वर्षी समुपदेशन. रेघ कुठे आहे हे कोर्टात गेल्याशिवाय कळत नसेल तर पोरं कोर्टात जाणारच. त्याला हट्ट म्हणत नाहीत.

आणि ही मोकळी जागा ठेवणारे कोण? पुस्तिका छापणारे. ‘तपशील नंतर कळवण्यात येईल’ ही ओळ सरकारी छपाईतली सर्वात स्वस्त ओळ आहे. ती लिहायला काही लागत नाही आणि तिच्यातून काहीही बाहेर काढता येतं.

मी आरक्षणाच्या विरोधात बोलतोय असा कुणाचा समज होऊ नये म्हणून एक उदाहरण उलट्या बाजूचं. प्राथमिक आरोग्य केंद्रांत सेवा करणाऱ्या डॉक्टरांना पीजीत राखीव जागा असाव्यात, या बाजूचा मी आहे. २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने वैद्यक परिषदेच्या नियमांवर बोट ठेवून सांगितलं होतं की पदव्युत्तर पदवीच्या जागांत असा वेगळा कोटा नाही, दुर्गम भागातल्या सेवेचे जादा गुण तेवढे द्या. ऑगस्ट २०२० मध्ये तामिळनाडूच्या वैद्यकीय अधिकाऱ्यांच्या याचिकेवर घटनापीठाने ते फिरवलं आणि राज्यांना हा अधिकार आहे असं ठरवलं. फार चांगला निकाल. आदिवासी भागातल्या केंद्रात पाच वर्षं काढलेला डॉक्टर भूल द्यायला शिकून परत गेला तर त्या तालुक्यातल्या सिझेरियनच्या बायका जिल्ह्याच्या वाटेवर दगावणार नाहीत. पण महाराष्ट्राने याचं काय केलं? अधिकार मिळाला ऑगस्ट २०२० मध्ये. २० टक्के जागांचा शासन निर्णय निघाला २६ सप्टेंबर २०२२ ला. त्या वर्षीची परीक्षा २१ मे रोजी होऊन निकालही लागून गेले होते! दोन वर्षं हातात होती. एक अर्ज, एक टिपणी, एक सही, एवढंच काम. ते नेमकं परीक्षा आणि समुपदेशनाच्या मधल्या फटीत केलं आणि पुन्हा याचिका ओढवून घेतली. निर्णय न्यायालयात टिकला, मला आनंद झाला. पण चांगला निर्णयसुद्धा वेळ चुकवून घ्यायचा आणि मग तो वाचवायला महाधिवक्त्यांना उभं करायचं, ही जी खोड आहे तिला माझा मित्र पोरांची कोर्टबाजी म्हणतो.

आता पेशंट.

२०२१ च्या हिवाळ्यात देशभरातल्या सरकारी रुग्णालयांत पहिल्या वर्षाचे निवासी डॉक्टर नव्हते. ज्यांना वॉर्ड माहीत आहे त्यांना याचा अर्थ वेगळा सांगायला नको. पहिल्या वर्षाचा निवासी म्हणजे वॉर्डाचे पाय. रक्त तोच काढतो, ते लॅबमध्ये तोच पळवतो, रात्री तीन वाजता सलाइन बंद पडलं की तोच उठतो, केसपेपर त्याचाच, नातेवाइकांच्या शिव्याही त्यालाच. तो एक जत्था आलाच नाही. दोन तुकड्यांच्या मुलांनी तीन तुकड्यांचं काम केलं, ते कोविडच्या दुसऱ्या लाटेतून नुकतेच बाहेर पडलेले असताना. डिसेंबरात ही मुलं दिल्लीच्या रस्त्यावर उतरली, पोलिसांशी झटापट झाली. महाराष्ट्रातही निवासी डॉक्टरांच्या मार्ड संघटनेने आवाज उठवला. त्या वेळी वर्तमानपत्रांत पत्रं आली: रुग्णांना वाऱ्यावर सोडणारे डॉक्टर.

समुपदेशन अडलं होतं कशावर? आर्थिक दुर्बल म्हणजे वर्षाला आठ लाखांच्या आत उत्पन्न, हा आकडा आला कुठून, असं न्यायालयाने विचारलं होतं. केंद्र सरकारला सांगता येईना. शेवटी २५ नोव्हेंबरला सरकार म्हणालं, आम्ही फेरविचार करतो, चार आठवडे द्या. जो आकडा २०१९ पासून देशभर लागू होता त्याचं कारण शोधायला समिती नेमावी लागली, आणि समितीने शेवटी सांगितलं की आठ लाखच असू द्या. पोरांनी प्रश्न विचारला म्हणून प्रवेश थांबले असं म्हणणं म्हणजे पेशंटने रिपोर्ट मागितला म्हणून आजार वाढला असं म्हणण्यासारखं आहे. आकड्याचं कारण फायलीत असतं तर एका सुनावणीत विषय संपला असता. १२ जानेवारी २०२२ ला समुपदेशन सुरू झालं. वॉर्डात ते मधले महिने कुणाच्या अंगावर निघाले हे मोजायची पद्धत आपल्याकडे नाही.

परिसंवादात गुणवत्तेवरही बरंच बोललं गेलं. कोर्टाच्या आदेशाने मागच्या दाराने पोरं शिरतात, दर्जा घसरतो, वगैरे. दर्जाचा मुद्दा मी हसण्यावारी नेत नाही. १९९९ मध्ये घटनापीठाने उत्तर प्रदेशचा नियम मोडीत काढला होता. तिथे पीजी प्रवेशाला खुल्या वर्गासाठी ४५ टक्के आणि राखीव वर्गासाठी २० टक्के असे किमान गुण ठेवले होते. एवढी तफावत तज्ज्ञ घडवताना चालणार नाही, असं बहुमताने म्हटलं. निकालावर मतभेद असू शकतात, पण कोर्टाने दर्जाची काळजी वाहिली नाही असं म्हणता येणार नाही. पुढे जून २०२२ मध्ये सगळ्या फेऱ्या संपल्यावर १,४५६ जागा रिकाम्या राहिल्या. मुलं म्हणाली, आणखी एक फेरी घ्या. न्या. एम. आर. शहा आणि न्या. अनिरुद्ध बोस यांनी नकार दिला: जागा भरण्यासाठी वैद्यकीय शिक्षणाचा दर्जा पणाला लावता येणार नाही. बहुतेक जागा ॲनाटॉमी, फिजिओलॉजी, बायोकेमिस्ट्री अशा नॉन-क्लिनिकल शाखांच्या होत्या, कुणाला फारशा नकोच होत्या. ठीक.

यानंतर पंधरा महिन्यांत काय झालं ते माझ्या मित्राने भाषणात वगळलं. २० सप्टेंबर २०२३ रोजी केंद्राने नीट-पीजीची पात्रता शून्य पर्सेंटाइलवर आणली. सगळ्या प्रवर्गांसाठी, खुल्यासाठीसुद्धा. शून्य पर्सेंटाइल म्हणजे जो परीक्षेला बसला तो पात्र, मग गुण उणे असोत. ही मागणी कोर्टाची नव्हती, आरक्षणाची नव्हती, कुठल्या याचिकेची नव्हती. एका प्रशासकीय फटक्यात झालं. रिकाम्या जागा म्हणजे बुडालेली फी, आणि रिकाम्या जागांचं दुःख सर्वात जास्त कुणाला होतं ते खासगी कॉलेजांच्या ताळेबंदात दिसेल. तेव्हा गुणवत्तेच्या बाजूने किती परिसंवाद झाले? राखीव वर्गाच्या मुलाला दहा गुण कमी असले तर ज्यांचं रक्त उसळतं त्यांचं रक्त त्या दिवशी थंड होतं. मला ते फार बोलकं वाटलं. २०२२ च्या निकालात न्या. चंद्रचूड यांनी लिहिलं होतं की खुल्या स्पर्धेतले गुण म्हणजेच गुणवत्ता असं समजणं अपुरं आहे. त्यावर नाक मुरडणाऱ्यांनी दोन वर्षांच्या आत गुणांची अटच सोडून दिली, तीही पैशासाठी.

तिसरा आरोप कोर्टांवरचा. त्यांना नको तिथे हात घालायची हौस आहे, हे मला मान्य नाही. माझी तक्रार नेमकी उलटी आहे. ती हात घालतात, पण हात काढेपर्यंत पेशंट थंड झालेला असतो.

चंडीगढच्या सरकारी मेडिकल कॉलेजात राज्य कोट्याच्या ६४ जागा. त्यांतल्या निम्म्या, ३२, चंडीगढच्या रहिवाशांसाठी. म्हणजे निवासी डॉक्टर व्हायला आधी निवासाचा दाखला. पंजाब-हरयाणा उच्च न्यायालयाने २०१९ मध्ये हे घटनाबाह्य ठरवलं. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं, त्याच वर्षी डिसेंबरात दोन न्यायाधीशांनी ते मोठ्या पीठाकडे सोपवलं, आणि तीन न्यायाधीशांचा निकाल लागला २९ जानेवारी २०२५ ला. निकाल उत्तम आहे. पीजीत निवासावर आधारित आरक्षण चालणार नाही, त्याच संस्थेत एमबीबीएस केलेल्यांना वाजवी प्राधान्य चालेल. १९८४ पासून न्यायालय साधारण हेच सांगत आलंय. पण एमडी तीन वर्षांचं असतं. ज्याची सीट २०१९ मध्ये गेली त्याचे वर्गमित्र २०२२ मध्ये एमडी होऊन बाहेर पडले. आधीच्या प्रवेशांना धक्का नाही, असं निकालात आहेच, आणि ते योग्यही आहे. फक्त ज्याचं म्हणणं खरं ठरलं त्याला काय मिळालं, याचं उत्तर त्यात नाही.

उत्तर प्रदेशातलं सीट अडवण्याचं प्रकरण असंच. समुपदेशन २०१७-१८ चं, उच्च न्यायालयाचा आदेश २०१८ चा, सर्वोच्च न्यायालयाचा निकाल २२ मे २०२५ चा. इथे मला पोरांचाही एक दोष मान्य करावा लागेल. ऑल इंडियातली एक सीट धरून ठेवायची, राज्यात बरी मिळाली की ती सोडायची, आणि मग उरलेल्या जागांच्या मॉप-अप फेरीत खालच्या रँकवाल्याला वरच्या रँकवाल्यापेक्षा चांगली शाखा मिळायची, हा प्रकार पोरं करतात. सर्रास करतात. पण तो करता येतो कशामुळे? ऑल इंडियाच्या फेऱ्या आणि राज्यांच्या फेऱ्या एकमेकांशी जुळवलेल्या नाहीत म्हणून. न्या. जे. बी. पारडीवाला आणि न्या. आर. महादेवन यांनी दिलेल्या आदेशांत पहिल्याच रांगेत काय आहे? देशभर एक समुपदेशन वेळापत्रक. पुन्हा कॅलेंडर! शिवाय कॉलेजांनी फी आधी जाहीर करा, परीक्षा मंडळाने मूळ गुण, उत्तरसूची आणि गुण समायोजनाचं सूत्र प्रसिद्ध करा. शाळकरी स्पर्धापरीक्षांना मिळणाऱ्या या गोष्टी देशातल्या डॉक्टरांना मागायला सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावं लागलं.

त्याच मंडळाने २०२४ ची परीक्षा आदल्या रात्री पुढे ढकलली होती. २३ जूनचा पेपर, २२ जूनला रात्री सूचना. लांबच्या केंद्रांवर पोचलेली मुलं लॉजमध्ये बसून फोनकडे बघत राहिली. ऑगस्टमध्ये ती दोन पाळ्यांत घेतली, वेगवेगळ्या प्रश्नपत्रिका, मग समायोजन. २०२५ मध्येही परीक्षा दोन पाळ्यांतच घेणार होते. मुलं न्यायालयात गेली. मंडळ म्हणालं, एका पाळीत सुरक्षित केंद्रं पुरणार नाहीत. ३० मे रोजी न्यायालयाने सांगितलं, एकाच पाळीत घ्या. आणि ३ ऑगस्टला दोन लाखांवर डॉक्टरांची परीक्षा एकाच पाळीत झाली. जे अशक्य होतं ते नऊ आठवड्यांत झालं. ही कोर्टबाजी नसती तर ते अजूनही अशक्यच राहिलं असतं.

मित्राचं एक वाक्य सभागृहाला फार आवडलं होतं: ‘अन्याय झाला असेल तर पुढच्या वर्षी पुन्हा बसावं, रडत काय बसायचं?’ सुदैवाने सर्वोच्च न्यायालयाचं मत तसं नाही. पात्र विद्यार्थ्याचा काही दोष नसताना त्याची जागा गेली आणि तो वेळेत न्यायालयात आला, तर त्याला प्रवेश मिळाला पाहिजे, या वर्षी शक्य नसेल तर पुढच्या वर्षी, असं तीन न्यायाधीशांनी डिसेंबर २०१९ मध्ये एमबीबीएसच्या प्रकरणात ठरवलं. पुढच्याच वर्षी ते तत्त्व पीजीला लावलं. हैदराबादच्या एका खासगी कॉलेजने एका मुलीला शस्त्रक्रियेची, म्हणजे एमएसची, सीट शेवटच्या दिवशी नाकारली होती. न्यायालयाने पुढच्या वर्षी कॉलेजच्या मॅनेजमेंट कोट्यातली एक जागा तिला द्यायला लावली, वर दहा लाख रुपये भरपाई. नियमाचा भंग केला की किंमत मोजावी लागते, हे त्या कॉलेजला कळलं.

राज्य सरकारला कधी कळणार? २०१९ च्या त्या गोंधळाबद्दल कुणा सचिवाला, कुणा संचालकाला, कुणा मंत्र्याला दहा रुपये तरी भरावे लागले का? आणि हेच सरकार पोरांकडून काय लिहून घेतं ते बघा. पीजी झाल्यावर एक वर्ष शासकीय सेवा, नाहीतर पन्नास लाखांचा दंड. असे बॉण्ड वैध आहेत हेही सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१९ मध्ये सांगितलं, आणि मला ते पटतं. जनतेच्या पैशावर शिकलात, जनतेला एक वर्ष द्या. पण करार दोन बाजूंचा असतो. पोराने तारीख चुकवली तर पन्नास लाख, सरकारने चुकवली तर वटहुकूम.

माझी मागणी म्हणून अगदी रुक्ष आहे. २०१८ च्या कायद्यातलं ते उपकलम वाईट नव्हतं. ते पाळलं गेलं नाही, एवढीच त्याची चूक. त्याच धर्तीचं एक वाक्य राज्याच्या आणि केंद्राच्या प्रवेश नियमांत घाला: परीक्षेचे अर्ज सुरू होतात त्या दिवशी जे आरक्षण, जे कोटे, जी पात्रता लागू असेल तीच त्या वर्षी लागू. त्यानंतर झालेला प्रत्येक निर्णय, कितीही चांगला असो, पुढच्या वर्षीपासून. पुस्तिकेतून ‘नंतर कळवण्यात येईल’ ही ओळ काढा. आणि त्याउपर कुणाची जागा गेली तर उच्च न्यायालयात तीस दिवसांत निकाल देणारं स्वतंत्र पीठ दरवर्षी प्रवेशाच्या हंगामापुरतं बसवा. यातल्या कशालाही पैसे लागत नाहीत, नवं कॉलेज लागत नाही. निवडणुकीच्या वर्षी हात आवरावा लागतो, तेवढंच.

एवढं झाल्यावरही पोरं कोर्टात गेली, तर माझ्या मित्राने पुढच्या परिसंवादात तेच वाक्य पुन्हा म्हणावं. पहिली टाळी मी वाजवीन. तोवर, ज्यांची मुलं-मुली एमबीबीएसच्या शेवटच्या वर्षाला असतील त्यांना एवढंच सांगतो: नीट-पीजीची माहितीपुस्तिका निघेल त्या दिवशीच ती उतरवून घ्या, छापून तारीख घाला आणि जपून ठेवा. वकील पहिल्यांदा तीच मागतो.